कोरी झालेली केबल

माझ्या दुकानाच्या पाटीवर 'केबल दुरुस्ती' असं लिहिलेलं होतं, त्यामुळे अधूनमधून कुणीतरी टीव्हीची वायर घेऊन यायचं. अंबडच्या औद्योगिक वसाहतीच्या बाजूला गॅरेजांची एक रांग आहे, त्यात टायरवाला आणि रेडिएटरवाला यांच्या मधला गाळा माझा. एक आजोबा तर सेट-टॉप बॉक्सच पिशवीत घालून आले. ही केबल वेगळी, मोटारीची, असं मी सांगितल्यावर त्यांनी आधी पाटीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "मग तसं लिहा ना बाई. उन्हातून आलो मी." मी पाटीवर 'मोटार तपासणी' हे शब्द वाढवून घेतले. टीव्हीवाले कमी झाले, पूर्ण थांबले नाहीत.

दिवाळी अंकाच्या वाचकांसाठी ती पाटी इथे नीट समजावून सांगते. हल्लीच्या मोटारीत स्टिअरिंगच्या खाली, गुडघ्याशी, सोळा खाचांचं एक सॉकेट असतं. मोटारीच्या आत इंजिन सांभाळणारा एक छोटा कॉम्प्युटर असतो. कुठे काय बिघडलंय हे त्याला बऱ्यापैकी माहीत असतं, फक्त विचारणारा लागतो. मेकॅनिक लॅपटॉप घेऊन बसतो, पण लॅपटॉपची भाषा वेगळी आणि मोटारीची वेगळी. मधली केबल दुभाष्याचं काम करते. केबलच्या जाड डोक्यात एक हिरवी पट्टी असते आणि तिच्यावर नखाएवढी काळी चिप, म्हणजे मायक्रोकंट्रोलर. दोन्ही भाषा येतात त्या चिपला, तिच्यात भरलेल्या प्रोग्राममुळे. प्रोग्राम बिघडला की केबलचा दिवा लागतो, पण ती बोलत नाही. अशा वेळी मी केबल उघडते, पट्टीवरच्या सहा ठिकाणी सहा बारीक तारा जोडते आणि प्रोग्राम पुन्हा भरते.

बघणाऱ्याला यात काही दिसत नाही. माझा नवरा म्हणतो, "तुझं काम बघायला गेलं की तू नुसती वाट बघताना दिसतेस."

मला याद्यांची सवय आहे. सातपूरच्या एका कंपनीत मी बरीच वर्षं टेस्टिंगला होते, सवय तिथली. दुकानातल्या फळ्यावर 'केबल कशाने गेली' अशी एक यादी कायम असते. पहिलं कारण, केबल लावलेली असताना लॅपटॉपचं इंटरनेट चालू राहिलं आणि सॉफ्टवेअरने आपणहून नवा प्रोग्राम भरायला घेतला. दुसरं, तो भरत असताना मेकॅनिकने केबल उपटली. तिसरं, मोटारीची केबल ट्रकला लावली. ट्रकचं व्होल्टेज दुप्पट. चौथं कारण वाचून गिऱ्हाइकं हसतात: हळदकुंकू. खंडेनवमीला गॅरेजवाले हत्यारांची पूजा करतात. पाने, जॅक, हातोडे यांना हळदकुंकू वाहिलं तर काही बिघडत नाही. केबलच्या सोळा पिनांवर ओल्या बोटाने वाहिलं तर बिघडतं. दर दसऱ्यानंतर अशा दोन-तीन केबल येतात. मी ब्रशने साफ करते आणि सांगते, पूजा करा, फक्त वरच्या झाकणावर करा.

दुसरी यादी मी 'नाही' म्हणते त्या कामांची. ती फळ्यावर नाही, तोंडपाठ आहे. "ताई, गाडीचे किलोमीटर जरा मागे घ्या." "मॅडम, चावी हरवलीय, गाडी पाहुण्याची आहे, पाहुणे दुबईला आहेत." अशांना मी चहा देते आणि परत पाठवते.

आता एक शेवटची तांत्रिक गोष्ट सांगते, कारण पुढचं सगळं तिच्यामुळे घडलं. चिपमध्ये प्रोग्राम भरून झाला की तिला कुलूप लावता येतं. धंद्यात आम्ही लॉक म्हणतो. लॉक केलेली चिप नेहमीसारखी काम करते, पण तिच्या आतलं कुणाला वाचता येत नाही. वाचायला गेलात तर निरर्थक आकडे हाती लागतात. हे लॉक काढणं अगदी सोपं असतं, एक खूण करायची आणि एक बटण दाबायचं. मात्र लॉक निघताना आतला प्रोग्राम पूर्ण पुसला जातो. चिप बनवणाऱ्यांनीच ती सोय करून ठेवलेली आहे.

दिंडोरीचे गॅरेजवाले रफिकभाई एका जानेवारीत सकाळीच आले. हातरुमालात गुंडाळलेली केबल त्यांनी माझ्या टेबलावर ठेवली.

"मॅडम, लाइट लागते, बोलत नाही."

"काय केलंत?"

"काही नाही केलं."

"रफिकभाई."

"बॅकअप घेत होतो."

मला पुढचं कळलं होतं, तरी ऐकून घेतलं. केबलचं डोकं ढिलं झालं होतं. ही गेली तर दुसरी नाही, म्हणून आतला प्रोग्राम जपून ठेवावा असं त्यांच्या मनात आलं. चिप वाचायचं यंत्र त्यांनी मागवलं, मोबाइलवर व्हिडिओ लावला. "व्हिडिओवाला बोलला, रीड होत नसेल तर अनलॉकवर टिक करा. मी केलं. खाली लिहून आलं, सक्सेसफुल. मी तर पोरांना चहा पाजला."

मी सहा तारा जोडून चिप वाचली. पहिल्या घरापासून शेवटच्या घरापर्यंत कोरी. जपून ठेवायच्या नादात त्यांनी होती ती एकमेव प्रत पुसून टाकली होती. हे मेकॅनिकच्याच हातून होतं, कारण काळजी घेणारा तोच असतो.

रफिकभाईंच्या मागोमाग एक बाई आत आल्या. चाळिशीच्या, कानाला रुमाल बांधलेला, हातात गाडीची चावी. त्या सुरेखाताई गांगुर्डे. दिंडोरीजवळच्या एका गावच्या, स्वतःची पिकअप स्वतः चालवणाऱ्या.

"यांनी वायर कोरी केली," त्या मला म्हणाल्या, "आन् माझी गाडी उभी हाय."

"सुरेखाताई, मी जाणूनबुजून केलं का?"

"जाणूनबुजून केलं असतं तर मी इथं आले नसते भाऊ, पोलिसात गेले असते."

त्यांच्या पिकअपच्या इंजिन-कॉम्प्युटरमध्ये पाणी शिरून तो गंजला होता. मॉडेल जुनं, नवा कॉम्प्युटर मिळत नाही. रफिकभाईंनी भंगारातल्या तशाच गाडीचा काढून बसवला. काम चोख केलं होतं. पण हा कॉम्प्युटर दुसऱ्या गाडीचा असल्यामुळे त्याला सुरेखाताईंची चावी ओळखता येत नव्हती. चावीत एक बारीक चिप असते, तिची आणि कॉम्प्युटरची ओळख करून द्यावी लागते, नाहीतर इंजिन चालू होत नाही. ही ओळख करून देणारी केबल आमच्या भागात एकच उरली होती, आणि ती माझ्या टेबलावर कोरी पडली होती. नवी महागडी यंत्रं या जुन्या पिकअपला विचारतच नाहीत.

"मला माझ्याच गाडीनं वळखलं नाय," सुरेखाताई म्हणाल्या. मग खुर्चीवर बसून त्यांनी खरी अडचण सांगितली. मोहाडीच्या एका द्राक्षबागायतदाराने सीझनभर माल कोल्ड स्टोअरेजला न्यायचं काम त्यांना दिलं होतं. "दोन सीझन मी बदली गाडी म्हणून फिरले. कुनाची बंद पडली की मला फोन. यंदा पयल्यांदा माझी गाडी लागलीय. आता तोड सुरू व्हईल. पयल्या तोडीला गाडी गेटवर नसली तर ते दुसऱ्याची लावनार, आन् मंग सीझनभर तीच राहनार. त्यांचंबी चूक नाय, द्राक्ष थांबत नाय."

"किती वेळ आहे?"

"साखर भरली की. ते रोज द्राक्षाचं मनी फोडून बघत्यात."

मी फळ्यावरची बाकीची कामं पुसली.

ही केबल वडनेरे सरांनी बनवलेली होती. सर मला डिप्लोमाला मायक्रोप्रोसेसर शिकवायचे. निवृत्त झाल्यावर त्यांनी घरच्या घरी या पिकअपसाठी केबल बनवल्या. बहुतेक केबल नुसत्या तपासणीच्या. मोजक्या केबल चावी जुळवणाऱ्याही होत्या, आणि चावीवाली प्रत्येक त्यांनी लॉक करूनच दिली होती.

सर गंगापूर रोडला राहतात. मी गेले तेव्हा गॅलरीत बसून मटार सोलत होते. हात थरथरत होते, दाणे ताटाबाहेर जात होते, आणि मी उचलून ठेवलेले त्यांना आवडत नव्हते.

"राहू दे. मी नंतर उचलतो."

मी सगळं सांगितलं. त्यांनी ऐकून घेतलं.

"प्रोग्राम नाही माझ्याकडे," ते म्हणाले. "जुना कॉम्प्युटर बंद पडला, त्यात गेला."

"सर, तपासणीचा भाग मी परत लिहू शकते. चावीच्या भागात गाडी एक आकडा विचारते आणि त्याला उत्तर द्यावं लागतं, एवढं मला माहीत आहे. उत्तर काढायचा नियम माहीत नाही."

"तो माझ्या डोक्यात आहे."

"मग?"

"डोक्यातच राहणार आहे." त्यांनी एक शेंग फोडली. "सुरुवातीला एक केबल मी न विचारता विकली, अंजली. तिने दोन गाड्या चोरीला गेल्या. माणूस सापडला, पण त्याआधी मी चौकीवर बाकावर बसून होतो, आणि समोर ज्याची गाडी गेली तो. नुसता बघत होता. त्यानंतर मी नियम कुणाला सांगितलेला नाही."

"मी काय कुणी परकी आहे का?"

"तू चांगली विद्यार्थिनी होतीस. आधी बाकीचं तर लिही. मग बघू."

हे 'बघू' ते आम्हाला प्रॅक्टिकलच्या तारखेबद्दल म्हणायचे. तारीख आज ना उद्या लागायचीच, प्रॅक्टिकल कधी टळल्याचं मला आठवत नाही, म्हणून मी नेटाने कामाला लागले.

सिन्नरला एका गॅरेजवाल्याकडे सरांची तपासणीवाली जुनी केबल चालू होती. ती चावी जुळवत नाही, पण बोलते, आणि मला तिचं बोलणं ऐकायचं होतं. गॅरेजवाला म्हणाला, केबल देणार नाही, पण इथे बसून काय करायचं ते करा. मी त्याच्या केबलला एक जास्तीची तार लावली, तार माझ्या लॅपटॉपला जोडली, आणि त्याला म्हटलं, तुम्ही नेहमीसारखी एक पिकअप तपासा, मी नुसती ऐकते.

हे ऐकणं मला माझ्या कामातलं सगळ्यात आवडतं. केबल आधी गाडीला अगदी संथ हाक मारते. मग गाडी "आहे" म्हणते, आणि त्यानंतर दोघी भराभर बोलू लागतात. इंजिन किती गरम? इतकं. डिझेलचा दाब? इतका. मध्येच बोलण्यासारखं काही नसलं तरी केबलला थोड्या थोड्या वेळाने "मी आहे अजून" असं म्हणत राहावं लागतं, नाहीतर गाडी संभाषण तोडून टाकते. प्रश्न कोणता, उत्तर कोणतं, मध्ये किती थांबायचं, हे सगळं माझ्या पडद्यावर उमटत होतं. गॅरेजवाला मध्ये एकदा डोकावला. "काय म्हणतेय गाडी?"

"एअर फिल्टर बदला म्हणतेय."

"ते मी मालकाला दोन महिने सांगतोय," तो म्हणाला, "आता तुम्ही सांगा."

त्या ऐकण्यावरून मी माझा प्रोग्राम लिहिला. सरांचा बघून उतरवलेला नव्हे. सरांचा होता कुठे? ओळ न् ओळ माझी. रफिकभाईंच्या कोऱ्या चिपमध्ये तो भरला, दिंडोरीला गेले आणि सुरेखाताईंच्या पिकअपला केबल लावली. गाडी गप्प. पुन्हा लावली. गप्प.

सुरेखाताई बोनेटला टेकून उभ्या होत्या. "आमच्या सासूबाई अशाच हाय. घाईत काय विचारलं की बोलत नाय."

त्या गमतीने म्हणाल्या, पण दोष तोच निघाला. माझा प्रोग्राम उत्तर मिळताच लगेच पुढचा प्रश्न टाकत होता. गाडीला मध्ये श्वासापुरती उसंत लागत होती. मी तेवढा थांबा घातला आणि केबल बोलायला लागली. इंजिनचं तापमान पडद्यावर आलं तेव्हा रफिकभाईंनी टोपी काढून पुन्हा घातली. मला फार बरं वाटलं. कंपनीत असताना दुसऱ्यांनी बनवलेलं तपासण्यात माझी वर्षं गेली. इथे माझ्या ओळींना एक गाडी उत्तर देत होती.

मग मी चावीच्या भागाकडे गेले. गाडीने आकडा विचारला. माझ्याकडे उत्तर नव्हतं. पुन्हा विचारायला लावलं, तर वेगळा आकडा. दरवेळी वेगळा. ऐकून ऐकून हा नियम कळण्यासारखा नव्हता.

त्याच संध्याकाळी बागायतदाराचा फोन आला. सुरेखाताई बाजूला जाऊन बोलल्या, परत आल्या आणि म्हणाल्या, "परवा तोड. मी हो म्हनले."

"गाडी बंद असताना?" रफिकभाई म्हणाले.

"मंग काय नाय म्हनू?"

दुसऱ्या दिवशी सकाळी मी सुरेखाताईंना घेऊन सरांकडे गेले. गाडीची कागदपत्रं बरोबर घ्यायला सांगितली होती. सरांनी कागद पाहिले, बाजूला ठेवले आणि परीक्षेला बसवल्यासारखं विचारायला सुरुवात केली.

"चावी फिरवली की आधी कोणता दिवा लागतो?"

"डावीकडचा लाल. पन माझ्या गाडीत त्याच्या आधी काचंवर पानी मारायचा पंप एकदा गुरगुरतो."

"का?"

"ते तुमी सांगा. सर तुमी हाय."

सर हसले. "रिव्हर्स गिअर?"

"चढावर नीट पडतो. सपाटीला दोनदा टाकावा लागतो. दुसऱ्या कुनाला जमत नाय, म्हनून गाडी कुनी मागत बी नाय."

"तोड कधी?"

"उद्या पहाटं."

सरांनी कागद सुरेखाताईंना परत दिले. मग माझ्याकडे वळले. "नियम सांगणार नाही. मी येतो. मी स्वतः टाइप करणार, तू बघायचं नाहीस. काम झालं की ती फाईल मी पुसणार आणि चिप लॉक करायची. चालेल?"

"चालेल."

पुसलेली फाईल परत काढता येते, हे सरांना माहीत होतं आणि त्यांनीच शिकवल्यामुळे मलाही माहीत होतं. दोघंही त्यावर बोललो नाही.

सुरेखाताईंची पिकअप उभी होती त्या रफिकभाईंच्या गॅरेजात एक फळकुटाचं टेबल आहे. त्यावर मी लॅपटॉप मांडला, प्रोग्राममध्ये नियमाची जागा मोकळी ठेवून दाखवली आणि भिंतीकडे तोंड करून उभी राहिले. भिंतीवर ऑइलच्या जाहिरातीचं कॅलेंडर होतं, आणि डोळ्याच्या कोपऱ्यातून बाजूची पिकअप तेवढी दिसत होती. मागे सरांची बोटं एकेक कळ शोधत होती. थरथरत्या हाताने टाइप करणं किती हळू असतं ते त्या कळांच्या आवाजावरून कळत होतं.

"मॅडम, तुम्हाला शिक्षा झालीय का?" रफिकभाई म्हणाले.

"गप्प बस," सर म्हणाले.

टाइप झालं. सरांनी प्रोग्राम चिपमध्ये भरला, सुरेखाताई गाडीत जाऊन बसल्या. गाडीने आकडा विचारला, केबलने उत्तर दिलं, गाडीने नाकारलं. पुन्हा. पुन्हा नाकारलं.

दोनदा चुकीचं उत्तर गेलं की ही गाडी काही वेळ कुणाचं ऐकत नाही. आणि असं वरचेवर झालं तर कॉम्प्युटर कायमचा मिटतो, मग दुसरा शोधा. हे सरांनीच आम्हाला सांगितलं, हलक्या आवाजात. सुरेखाताई काच खाली करून ऐकत होत्या. त्यांनी स्टिअरिंगवरचे हात तेवढे खाली घेतले.

गाडी पुन्हा ऐकेपर्यंत थांबायचं होतं. सर लॅपटॉपसमोर बसून राहिले. मी भिंतीकडेच होते, त्यामुळे मला त्यांचा चेहरा दिसत नव्हता.

"बरोबर लिहिलंय मी," ते म्हणाले. थोड्या वेळाने, "बहुतेक बरोबर लिहिलंय." शेवटी म्हणाले, "अंजली, मला वाटतं मी विसरलोय."

मला मागे वळून पडदा बघावासा वाटला. तीस सेकंदांचं काम होतं. पण शब्द दिला होता. मी कॅलेंडरकडे बघतच विचार करायला लागले. सर विसरले असतील हा एक मुद्दा. भंगारातला कॉम्प्युटर वेगळ्या जातीचा असेल हा दुसरा. पण तपासणीची उत्तरं तो बरोबर देत होता, म्हणजे तो नाही. तिसरा मुद्दा माझा प्रोग्राम. गाडीचा आकडा मी घेते आणि सरांच्या नियमाच्या हातात देते. तो मी कसा देते?

"सर, आकडा दोन भागांत येतो ना?"

"हो."

"मी तुमच्या नियमाला मोठा भाग आधी देतेय."

"मी लहान आधी धरलाय," सर म्हणाले. "माझ्या जुन्या प्रोग्रामात तसाच यायचा."

म्हणजे गाडी सत्तेचाळीस म्हणत होती आणि आम्ही चौऱ्याहत्तरचं उत्तर देत होतो. नियम बरोबर होता, माझं लिहिणंही बरोबर होतं. दोघांनी एकमेकांकडे पाठ करून काम केल्यामुळे सांध्यात गडबड झाली होती. मी भिंतीकडे तोंड ठेवूनच सांगितलं, कोणत्या ओळीत कोणते दोन शब्द उलट करायचे. सरांनी केले. पुन्हा भरलं. गाडीची मुदत संपेपर्यंत थांबलो.

गाडीने आकडा विचारला. केबलने उत्तर दिलं. गाडीच्या डॅशबोर्डवरचा चावीचा दिवा, जो इतके दिवस लुकलुकत होता, विझला. सुरेखाताईंनी चावी बंद करून पुन्हा फिरवली. आधी पाण्याचा पंप गुरगुरला, मग इंजिन लागलं.

त्या खाली उतरल्या नाहीत. आवाज ऐकत तशाच बसून राहिल्या. मग काचेतून म्हणाल्या, "रफिकभाऊ, आता त्या वायरचं बॅकअप घेऊ नका."

मी वळले. सर खुर्चीतून उठून टेबलाला धरून उभे होते. लॅपटॉपवर फाईल तशीच उघडी होती. मी नजर बाजूला घेतली.

"सर, फाईल पुसायची राहिली."

"राहू दे."

"अट होती."

"अट माझीच होती ना." ते रफिकभाईंकडे वळले. "रफिक, चहा सांगून ये."

"फोनवर सांगतो."

"जाऊन सांग."

"मला बाहेर काढताय ना सर?"

"हो."

रफिकभाई गेले. सर पुन्हा बसले. "मघाशी मला खरंच वाटलं, मी विसरलो. आज नव्हतो विसरलो. पुढच्या वेळी विसरलेला असेन, आणि तेव्हाही कुणाची तरी गाडी उभी असेल." त्यांनी लॅपटॉप माझ्याकडे फिरवला. "गाडीचा मालक समोर बसलेला असल्याशिवाय हे वापरायचं नाही. आता वाच. चूक दिसली तर सांग."

मी वाचलं. आठच ओळी होत्या. पहिल्यांदा भराभर, मग एकेक ओळ पेनाचं टोक धरून. चूक नव्हती. शेवटाकडे एक ठिकाण मात्र मला दिसलं.

"या दोन ओळींचं काम एका ओळीत होईल, सर."

ते वाकले, चष्मा वर ढकलला, बराच वेळ बघितलं. कॉलेजात माझ्या जर्नलमध्ये ते असंच बघायचे, आणि मग लाल पेन काढायचे.

"होईल," ते म्हणाले. "करून टाक. पण आज नको. चालतंय त्याला आज हात लावू नकोस. आज लॉक कर आणि त्या बाईंना जाऊ दे."

मी फाईल माझ्या नावाने साठवली, केबल परत सहा तारांवर घेतली आणि चिपला लॉक लावलं. बाहेर गॅरेजची जमीन सपाट होती, त्यामुळे सुरेखाताईंना रिव्हर्स दोनदा टाकावा लागला. मग पिकअप रस्त्याला लागली आणि मोहाडीच्या दिशेने वळली.